दिल्लीच्या दप्तरातील निर्माती

दिल्ली हे चित्रपट काढणाऱ्यांचे शहर कधीच नव्हते. मुंबईला परळ-दादरचे स्टुडिओ लाभले, कोल्हापूरला बाबूराव पेंटरांचा वारसा, पुण्याला प्रभातचे आवार आणि कलकत्त्याला टॉलीगंज. दिल्लीच्या वाट्याला मात्र चित्रपटांविषयीची दप्तरे तेवढी आली. सेन्सॉरचे नियम येथे ठरावयाचे, राष्ट्रीय पुरस्कार येथे वाटले जावयाचे, परदेशच्या महोत्सवास कोणता चित्रपट धाडावा आणि कोणत्या संस्थेस किती अनुदान मंजूर करावे याचा निवाडाही येथलेच कोणी सचिव-उपसचिव करावयाचे. त्यामुळे टिपणे, शेरे आणि मंजुऱ्या यांच्या या मुलुखात एखादा चित्रपट जन्मास यावयाचाच झाला, तर तो एखाद्या फाइलीच्या पोटी यावा हे ओघानेच आले. आणि फाइलीच्या पोटी आलेल्या अपत्याला आईबापांचे नाव लावण्याची चाल आपल्या सरकारी रिवाजात नाही.

१९७४ साली दिल्लीत ‘एक अनेक और एकता’ नावाची, अवघ्या सातेक मिनिटांची एक हलती चित्रकथा तयार झाली. जाळ्यात सापडलेल्या पाखरांची ती गोष्ट पुढे दूरदर्शनने इतक्या वेळा दाखविली, की आज चाळिशी-पन्नाशीत असलेल्या माणसाला, मग तो नागपूरचा असो की गुरुग्रामचा, तिचे पहिले सूर ऐकविले तर पुढचे तो आपणहून म्हणू लागतो. मात्र ही कथा कोणी योजिली, तिची सामग्री कोणी जुळविली, चित्रकार-संगीतकारांना कोणी एकत्र आणले, असे त्याला विचारले तर त्याच्यापाशी उत्तर नसते. या प्रश्नाचे उत्तर एक मराठी बाई आहे. तिचे नाव विजया मुळे. दिल्लीच्या शैक्षणिक आणि चित्रपटविषयक वर्तुळांत लहानथोर सारे तिला ‘अक्का’ म्हणत.

निर्माता म्हटला की आपल्या डोळ्यांसमोर जो मनुष्य उभा राहतो, त्याच्या हाती पैशाची थैली असते, भिंतीवर रौप्यमहोत्सवाची ढाल असते आणि डोक्यात पुढच्या शुक्रवारची धास्ती असते. विजयाबाईंना यांपैकी काहीच नव्हते. त्यांच्या मालकीचा स्टुडिओ नव्हता, कंपनी नव्हती, आणि त्यांच्या चित्रपटांना तिकीटविक्रीचा गल्लाही नव्हता. त्या सरकारी नोकर होत्या. अशा व्यक्तीस ‘स्वतंत्र’ निर्माती म्हणावे काय, असा प्रश्न कोणी उपस्थित केला तर तो गैरवाजवी ठरणार नाही. परंतु धंदेवाईक निर्मात्याला वितरकाची जेवढी मर्जी सांभाळावी लागते, तेवढी कोणाचीही मर्जी या बाईंनी आपल्या कथेच्या बाबतीत सांभाळलेली दिसत नाही, आणि सरकारी चौकटीत राहून, त्या चौकटीच्याच साधनांनी, आपल्या मनासारखी वस्तू घडवून घेणे हे बाहेर राहून स्वतंत्र असण्यापेक्षा काकणभर कठीणच आहे, असे मला वाटते.

विजयाबाईंचा जन्म १६ मे १९२१ रोजी मुंबईस झाला. १९४० साली विवाह होऊन त्या पाटण्यास गेल्या, आणि मुंबईच्या मुलीचे जे शिक्षण संसारामुळे तेथेच आटोपावयाचे, ते पाटणा विद्यापीठाने स्त्रियांना घरी अभ्यास करून परीक्षेस बसण्याची मुभा दिलेली असल्यामुळे पुढे चालू राहिले. १९४६ साली सरकारी शिष्यवृत्ती मिळवून त्या शिक्षणशास्त्राच्या उच्च पदवीसाठी इंग्लंडातील लीड्स विद्यापीठात दाखल झाल्या. महायुद्ध नुकतेच संपलेले, अन्न-वस्त्र शिधापत्रिकेवर मिळण्याचे ते दिवस. पण तेथील फिल्म सोसायटीत जगाच्या कानाकोपऱ्यातले चित्रपट पाहावयास मिळत, आणि ते पाहून झाल्यावर त्यांच्याविषयी एखाद्या ग्रंथाविषयी बोलावे तशा गांभीर्याने बोलले जाई. शिक्षण आणि चित्रपट हे एकाच कामाचे दोन हात आहेत, ही विजयाबाईंची आयुष्यभराची धारणा येथेच रुजली असावी.

परत आल्यावर त्यांनी पाटण्यात फिल्म सोसायटीच्या कामात लक्ष घातले, आणि १९५४ साली केंद्रीय शिक्षण मंत्रालयात शिक्षणाधिकारी म्हणून नेमणूक होऊन त्या दिल्लीस आल्या. त्यांची मुलगी सुहासिनी, जी पुढे मृणाल सेन यांच्या ‘भुवन शोम’ची नायिका झाली, तीन वर्षांची असतानाच तिचे वडील वारले होते, तेव्हा या नोकरीला हौसेपेक्षा गरजेचे अधिष्ठान अधिक होते, हे निराळे सांगावयास नको. तरीही पोटापाण्यासाठी पत्करलेल्या या चाकरीच्या बाहेर उरलेला सारा वेळ बाईंनी ज्या कामी लावला, त्याची हकीकत थोडी सविस्तर सांगितली पाहिजे, कारण आज हातातल्या फोनवर जपानी आणि इराणी चित्रपट पाहणाऱ्या वाचकास तिची कल्पना येणे कठीण आहे.

१९५२ च्या जानेवारीत मुंबईस भारतातला पहिला आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव भरला आणि तेथून तो मद्रास, दिल्ली व कलकत्ता या शहरांत गेला. इटलीतल्या दे सिकाचा ‘बायसिकल थीव्हज’ पाहून आपल्याकडचे अनेक तरुण भारावून गेले, ते त्याच सुमारास. मात्र महोत्सव आटोपला, पेट्या परत गेल्या, आणि पाहण्याची भूक लागलेला प्रेक्षक मागे राहिला. ही भूक भागविण्याचा मार्ग म्हणजे फिल्म सोसायटी. पंचवीस-पन्नास माणसांनी वर्गणी काढावयाची, वकिलातींच्या सांस्कृतिक विभागांकडे खेटे घालून एखाद्या फ्रेंच, पोलिश किंवा रशियन चित्रपटाची प्रत मिळवावयाची, सोळा मिलिमीटरचे प्रक्षेपणयंत्र उसने आणावयाचे, एखाद्या संस्थेचे सभागृह संध्याकाळपुरते मागून घ्यावयाचे, आणि रीळ संपले की दिवे लावून, यंत्र चालविणाऱ्याने दुसरे रीळ चढवीपर्यंत, अर्धवट राहिलेल्या कथेवर वाद घालीत बसावयाचे. कलकत्त्यात सत्यजित राय, चिदानंद दासगुप्त प्रभृतींनी १९४७ मध्येच अशी सोसायटी काढली होती. दिल्लीची सोसायटी त्यानंतर निघाली, आणि विजयाबाई तिच्या चालकांपैकी एक झाल्या.

यातली खरी अडचण पैशाची नव्हती. ती प्रतींची होती. मोठ्या मिनतवारीने एका शहरी आलेली प्रत दुसऱ्या शहरास कळण्यापूर्वीच आपल्या मुलखी परत जाई. ही प्रत शिस्तीने गावोगाव फिरावी, मालवाहतूक, जकात, करमणूक कर यांबाबत सरकारशी एका तोंडाने बोलता यावे, यासाठी डिसेंबर १९५९ मध्ये कलकत्ता, दिल्ली, मुंबई, मद्रास, पाटणा आणि रुडकी येथील सोसायट्यांनी मिळून आपला महासंघ स्थापिला. अध्यक्ष सत्यजित राय झाले. त्यांच्यासोबत जी मंडळी चिटणिशीच्या कामास जुंपली गेली त्यांत चिदानंद दासगुप्त होते आणि विजयाबाई होत्या. अध्यक्षांचे नाव जगभर दुमदुमत होते आणि ते योग्यच होते. पण महासंघ अध्यक्षाच्या कीर्तीवर चालत नाही, तो चिटणिसाच्या टपालावर चालतो. कोणत्या तारखेस कोणती पेटी कोणत्या गाडीने निघाली, ती पाटण्यास पोचली की मुघलसरायला अडकली, कोणत्या वकिलातीला पोच गेली नाही म्हणून पुढची प्रत अडली, ही सारी यादवारी ठेवणारे माणूस नसते तर या देशात निराळ्या प्रकारचा चित्रपट पाहणारा, आणि म्हणून पुढे तसा चित्रपट काढणारा, वर्ग निर्माण होण्यास आणखी दहा-वीस वर्षे लागती.

विजयाबाईंना सरकारी दरबारातील वाटा ठाऊक होत्या, याचा लाभ या चळवळीस फार झाला. महासंघाच्या पदाधिकाऱ्यांत पुढे इंदिरा गांधींचेही नाव होते, आणि त्या १९६४ ते १९६६ या काळात माहिती व नभोवाणी खात्याच्या मंत्री होत्या. फिल्म सोसायट्यांच्या खाजगी खेळांना सेन्सॉरच्या नेहमीच्या जाचातून सवलत मिळाली ती याच काळाच्या आसपास. मौज अशी की, ज्या सेन्सॉरच्या कचाट्यातून हे खेळ सुटावेत म्हणून ही मंडळी धडपडत होती, त्याच सेन्सॉर बोर्डाच्या कचेरीत साठच्या दशकात विजयाबाईंची बदली झाली. प्रथम मुंबईस आणि नंतर कलकत्त्यास. सकाळी कात्रीच्या बाजूने आणि संध्याकाळी कात्रीविरुद्ध, अशी ही दुहेरी नोकरी त्यांनी कशी निभावली याचे एखाद्या चरित्रकाराने वर्णन केले असते तर ते वाचनीय झाले असते. आपल्याकडे सरकारी अधिकाऱ्यांची चरित्रे लिहिली जातात ती राज्यपाल किंवा सचिव झालेल्यांची. प्रादेशिक अधिकाऱ्यांची कोण लिहितो!

कलकत्त्याच्या वास्तव्यात मात्र असे काही घडले की पाहणारी बाई करणारी झाली. गंगेचा जो फाटा हुगळी या नावाने कलकत्त्याजवळून वाहतो, त्यात पावसाळ्याच्या दिवसांत अमावास्या-पौर्णिमेच्या सुमारास समुद्राची भरती उलट्या दिशेने चढते. नदीचे मुख नरसाळ्यासारखे, बाहेर रुंद आणि आत चिंचोळे असल्यामुळे आत शिरणारे पाणी पसरण्यास जागा न मिळून उंचावत जाते, वरून येणारा नदीचा प्रवाह त्यास अडवितो, आणि परिणामी पाण्याची एक सरळ भिंत गर्जना करीत, काठावरचे पडाव उलथीत, प्रवाहाविरुद्ध धावत सुटते. बंगाली लोक तिला ‘बान’ म्हणतात. बान येणार अशी हाकाटी झाली की घाटाला बांधलेल्या नावा सोडून नावाडी त्या भरधाव मधल्या धारेत नेतात, कारण काठाशी राहणारी नाव पायऱ्यांवर आपटून फुटते आणि खोल पाण्यात असलेली नुसती वर उचलली जाऊन पुन्हा खाली येते. कलकत्त्याच्या रहिवाशांना हा देखावा नित्याचा. नव्या आलेल्या विजयाबाईंना मात्र त्यात चित्रपट दिसला. ‘द टायडल बोअर’ हा त्यांचा पहिला अनुबोधपट असा सिद्ध झाला. सत्यजित राय यांनी त्याचे निवेदन आपल्या आवाजात केले, एवढेच नव्हे तर ध्वनिमुद्रणाच्या कामीही ते साहाय्यास आले. फिल्म्स डिव्हिजनने तो चित्रपट विकत घेतला आणि जर्मनीतील मॅनहाइमच्या महोत्सवास भारताची अधिकृत प्रवेशिका म्हणून तो पाठविण्यात आला. पन्नाशीकडे झुकलेल्या एका शिक्षणाधिकारी बाईंचा हा पहिला प्रयत्न होता, हे लक्षात घेतले म्हणजे त्या यशाची खरी किंमत कळते.

याच सुमारास, १९६८ साली, फ्रेंच दिग्दर्शक लुई माल भारतात आला, आणि त्याचा व विजयाबाईंचा स्नेह जमला. मालने येथे फिरून जे चित्रित केले त्यातून ‘कलकत्ता’ हा चित्रपट आणि सात भागांची दूरचित्रमालिका निघाली. १९७० साली ती मालिका बीबीसीने दाखविली तेव्हा भारताची दारिद्र्याखेरीज दुसरी ओळख नाही काय, असा सवाल करीत आपल्या सरकारने बीबीसीची दिल्लीतली कचेरी बंद करावयास लावली. एका परकीयाने आपल्याकडे रोखून पाहिले म्हणजे आपल्याला एवढा राग का येतो, आणि त्या पाहण्यात खरे किती व आरोपित किती, हा प्रश्न तेव्हापासून विजयाबाईंच्या मनात घर करून राहिला असावा. कारण चार दशकांनी त्यांनी लिहिलेल्या एकमेव मोठ्या ग्रंथाचा विषय नेमका हाच आहे. त्याविषयी पुढे बोलू.

आता दिल्लीकडे वळू. श्री अरविंद मार्गावर, अडचिनी गावाच्या शेजारी, एनसीईआरटीचे म्हणजे राष्ट्रीय शैक्षणिक संशोधन व प्रशिक्षण परिषदेचे जे विस्तीर्ण आवार आहे, तेथे सत्तरीच्या आरंभी शैक्षणिक तंत्रविज्ञान केंद्र उघडण्यात आले. विजयाबाई त्याच्या सूत्रधार झाल्या. केंद्रासमोरचे काम साधे नव्हते. विक्रम साराभाईंनी पाहिलेले एक स्वप्न, त्यांच्या १९७१ मधील आकस्मिक मृत्यूनंतर, त्यांचे सहकारी प्रत्यक्षात उतरवीत होते: अमेरिकेच्या नासा संस्थेचा उपग्रह एक वर्षापुरता उसना घेऊन त्याच्याद्वारे भारतातील दूरदूरच्या खेड्यांत थेट दूरचित्रवाणी पोचवावयाची. १ ऑगस्ट १९७५ ते ३१ जुलै १९७६ असा या ‘साइट’ प्रयोगाचा कालावधी ठरला. आंध्र, कर्नाटक, ओरिसा, बिहार, मध्य प्रदेश आणि राजस्थान या सहा राज्यांतील सुमारे २,४०० गावे निवडण्यात आली. दिल्ली-मुंबईतल्या मध्यमवर्गीयांच्या घरीही जो पेटारा अपूर्वाईचा, तो वीजही न पोचलेल्या गावच्या शाळेत नेऊन ठेवावयाचा, कोंबड्यांच्या खुराड्याला लावतात त्या जाळीची दहा फूट व्यासाची छत्री अंगणात उभी करावयाची, आणि सकाळी दीड तास मुलांसाठी व संध्याकाळी अडीच तास मोठ्यांसाठी कार्यक्रम दाखवावयाचे, अशी ही योजना होती.

सकाळच्या या दीड तासात चार भाषांचे वाटे पडत. म्हणजे एकेका भाषेच्या मुलांच्या पदरात जेमतेम वीस-बावीस मिनिटे यावयाची. पण ही वीस-बावीस मिनिटे रोज भरून काढावयाची होती, वर्षभर, आणि तीही अशा मुलांसाठी, ज्यांनी उभ्या जन्मात चित्रपट पाहिलेला नाही, ज्यांच्या वर्गात पाच वर्षांचे पोर आणि बारा वर्षांचा मुलगा एकाच सतरंजीवर बसतात, आणि ज्यांची घरची बोली पाठ्यपुस्तकातल्या भाषेहून कोसभर दूर आहे. मुलांसाठीच्या या कार्यक्रमांचा फार मोठा भार विजयाबाईंच्या केंद्रावर होता. शिक्षणतज्ज्ञांनी धडा लिहून द्यावा आणि कॅमेरावाल्याने तो टिपावा, या पद्धतीने असे काम होत नाही. पडद्यावर फळ्यापुढे उभा केलेला मास्तर हा फळ्यापुढच्या खऱ्या मास्तराहून कंटाळवाणाच असतो. म्हणून गोष्ट, गाणे, कठपुतळी, कोडे, खेळ या वाटांनी विषयात शिरावयाचे, आणि विषय असा गोष्टीत विरघळवावयाचा की मुलाला तो आपल्याला कोणी शिकविला असे न वाटता आपल्यालाच सुचला असे वाटावे, हे या कामाचे खरे मर्म होते.

‘एक अनेक और एकता’ हे या पद्धतीचे सर्वांत निर्दोष उदाहरण आहे आणि म्हणून ते जरा जवळून पाहू. बागेत मुले खेळत आहेत. धाकटा भाऊ थोरल्या बहिणीला विचारतो की ‘अनेक’ म्हणजे काय. प्रश्न व्याकरणाचा आहे, वचनाचा आहे. त्यात देश नाही, ध्वज नाही. ताई व्याख्या सांगत बसत नाही, ती आकाशाकडे बोट दाखविते: सूर्य एक, चंद्र एक, तारे मात्र पुष्कळ. मग खारी येतात, मग पाखरे येतात, आणि पाखरांवरून गोष्ट निघते. ही गोष्ट आपल्या ओळखीची आहे. पंचतंत्रात मित्रसंप्राप्तीच्या आरंभी चित्रग्रीव नावाचा कपोतराज आपल्या परिवारासह जाळ्यात सापडतो, त्याच्या आज्ञेवरून सारी कबुतरे जाळ्यासकट उडतात, आणि हिरण्यक नावाचा उंदीर त्यांचे पाश तोडतो. दिल्लीच्या या चित्रकथेत राजा गळाला आहे. आज्ञा देणारा कोणी नाही. पाखरांमधलीच एक चतुर चिमणी घाबरू नका म्हणते आणि सगळी मिळून जोर लावतात. दोन हजार वर्षे राजनीतीचा पाठ म्हणून सांगितली गेलेली कथा एवढ्या एका फेरफाराने नागरिकशास्त्राचा पाठ होते, आणि तरीही पाठ वाटत नाही. गोष्ट ऐकून संपली की पोरे लगेच व्यवहाराचा प्रश्न काढतात: आपण मिळून झाडावरचे आंबे काढू शकू काय? काढू, पण युक्ती लढवावी लागेल. एवढे झाल्यावर मग फुले, नद्या, भाषा, वेष यांचे गाणे येते आणि देश येतो. मुलाच्या प्रश्नापासून देशापर्यंतची ही चढण इतकी सौम्य आहे की चढल्याचे कळत नाही.

या सात मिनिटांसाठी विजयाबाईंनी जी माणसे जमविली ती पाहण्यासारखी आहेत. चित्रे हलविण्याचे काम भीमसेन या चित्रकाराकडे होते. त्याच्या ‘द क्लाइंब’ या छोट्या चित्रपटाला शिकागोच्या महोत्सवात पारितोषिक मिळाले होते, आणि पुढे ‘घरौंदा’ हा चित्रपटही त्यानेच दिग्दर्शित केला. पडद्यावर एका सेकंदाला चोवीस चौकटी सरकतात, या हिशेबाने सात मिनिटांच्या दहा हजारांवर चौकटी होतात. एकेक चित्र दोन चौकटींस वापरले तरी हाताने रेखून रंगविण्याची चित्रे हजारांत भरतात. ती रेखाटण्याची सोपी, जाड, मुलांच्या पाटीवर शोभेल अशी रेषा भीमसेनने निवडली. गीत पंडित विनयचंद्र मौद्गल्य यांचे. दिल्लीतले गांधर्व महाविद्यालय १९३९ साली स्थापणारे हे गायनाचार्य आपल्या विनायकराव पटवर्धनांचे शिष्य, म्हणजे कुरुंदवाडच्या विष्णु दिगंबर पलुस्करांच्या परंपरेतले. संगीत वसंत देसाई यांचे. राजकमलच्या चित्रपटांतून घराघरांत गेलेल्या या कोकणी माणसाने उत्तर आयुष्यात शाळकरी मुलांच्या समूहगायनाचा ध्यास घेतला होता, तेव्हा त्याच्याकडे हे काम जावे यात विजयाबाईंची पारख दिसते. १९७५ च्या डिसेंबरात उद्वाहकाच्या अपघातात त्यांचे निधन झाले. आणि गाणारा कोवळा आवाज दाभोळच्या एका पाच-सहा वर्षांच्या मुलीचा. ती पुढे साधना सरगम या नावाने विख्यात झाली. राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत या चित्रपटास सर्वोत्कृष्ट शैक्षणिक चित्रपटाचा मान मिळाला.

काळ असा होता की ज्या उन्हाळ्यात संप आणि मोर्चे यांनी देश गाजत होता त्याच्या पुढच्याच वर्षी आणीबाणी पुकारली गेली आणि उपग्रहाद्वारे प्रक्षेपण सुरू झाले ते त्या आणीबाणीतच. संध्याकाळच्या कार्यक्रमांवर सरकारी प्रचाराची छाया पडावी हे अपरिहार्यच होते. अशा काळात निघालेल्या एकतेच्या गाण्याकडे कोणी संशयाने पाहिले तर त्यास दोष देता येत नाही. एकता हा शब्द राज्यकर्त्यांच्या तोंडी फार झिजलेला आहे. पण त्या काळातली पुष्कळ घोषणागीते आज कोणाच्या स्मरणात नाहीत आणि हे गाणे आहे, याचे कारण मला असे दिसते की यातली पाखरे कोणाच्या सांगण्यावरून एक होत नाहीत. जाळे पडले म्हणून होतात. सत्तेस एवढे सूक्ष्म भान असते तर तिने त्या चतुर चिमणीच्या जागी पुढारी बसविला असता.

उपग्रह वर्षाने परत गेला, गावोगावच्या जाळीच्या छत्र्या गंजल्या, प्रयोगाचे अहवाल कपाटांत गेले. चित्रकथा मात्र राहिली. १९८२ नंतर दूरदर्शनचे जाळे देशभर पसरले तेव्हा दोन कार्यक्रमांमधला मोकळा वेळ भरून काढण्यास तिच्यासारखी सोयीची वस्तू दुसरी नव्हती, आणि ज्या खेड्यातल्या मुलांसाठी ती केली होती त्यांच्याहून कितीतरी अधिक मुलांपर्यंत ती अशी पोचली. फक्त पोचताना कर्तीचे नाव वाटेत गळाले. चित्रपटगृहातला प्रेक्षक श्रेयनामावली पाहतो, निदान तिच्यासमोर बसलेला तरी असतो. मधल्या वेळेत वाजणाऱ्या गाण्याची नामावली कोण वाचणार? दिल्लीतच, थोडी वर्षे आधी, दूरचित्रवाणीच्या नोकरीत असलेल्या सई परांजपे यांनी आपली नाममुद्रा उमटविली, पण त्यांना पुढे ‘स्पर्श’ आणि ‘चश्मे बद्दूर’ यांच्यासारख्या कथापटांचा मोठा पडदा लाभला. विजयाबाईंनी तो मागितला नाही. १९८४ च्या स्वातंत्र्यदिनी विद्यापीठ अनुदान आयोगाने महाविद्यालयीन विद्यार्थ्यांसाठी दूरदर्शनवर ‘कंट्रीवाइड क्लासरूम’ हा उपक्रम सुरू केला, त्याच्या उभारणीतही त्यांचा हात होता. खेड्यातल्या मुलांपासून पदवीच्या विद्यार्थ्यांपर्यंत, एवढाच काय तो फरक.

घरातला वारसा मात्र निराळ्या दिशेने वाढला. सुहासिनीने ‘भुवन शोम’ नंतर नटी होण्याचा सरळ रस्ता सोडून दीर्घकाळ अनुबोधपटांची वाट धरली. तपन बोस यांच्यासह तिने भागलपूरच्या कैद्यांचे डोळे फोडण्याच्या प्रकारावर ‘ॲन इंडियन स्टोरी’ आणि भोपाळच्या वायुकांडावर ‘बियाँड जेनोसाइड’ हे चित्रपट केले. आईने शासनाच्या आत राहून काम केले आणि मुलीने शासनास न्यायालयात उत्तर द्यावयास लावील असे केले. परंतु दोघींच्या कामात भपक्याचा तिटकारा सारखाच आहे.

विजयाबाईंना २००२ साली मुंबईच्या आंतरराष्ट्रीय अनुबोधपट महोत्सवात व्ही. शांताराम जीवनगौरव पुरस्कार मिळाला. या वयात माणसे पुरस्कार घेऊन आठवणी सांगू लागतात. बाईंनी ग्रंथ लिहावयास घेतला. विसाव्या शतकातील परदेशी चित्रपटांनी भारताची कोणकोणती चित्रे रंगविली, याचा शोध घेणारा हा इंग्रजी ग्रंथ कलकत्त्याच्या सीगल प्रकाशनाने २०१० मध्ये प्रसिद्ध केला, तेव्हा लेखिका नव्वदीच्या उंबरठ्यावर होती. राजे आणि योगी यांच्यापासून गांधी आणि त्यापुढे, असे त्याच्या नावातच सूत्र आहे. आरंभी वाघ, हत्ती, गूढ मंदिरे आणि रत्नजडित फेटे. मग साम्राज्याच्या रखवालदारांच्या शौर्यकथा. मग रेन्वारसारखा कलावंत येऊन हुगळीच्या काठी बसतो आणि रोसेलिनी आपल्या कॅमेऱ्यासह देश हिंडतो. आणि पुढे ॲटनबरोचा महात्मा. ही शतकाची यात्रा लिहिण्यास नुसता अभ्यास पुरेसा नव्हता. या चित्रपटांच्या प्रती ज्यांनी पेट्यांतून गावोगाव फिरविल्या, सेन्सॉरच्या खोलीत बसून ज्यांनी कापावयाचे की ठेवावयाचे हे ठरविले, मालसारख्या परक्याशी ज्यांनी मैत्री केली आणि स्वतः कॅमेरा घेऊन नदीकाठी जाऊन आपल्याच देशाकडे पाहून आल्या, अशा बाईंखेरीज दुसऱ्या कोणाकडे ही सगळी सामग्री एके ठिकाणी असणे संभवनीय नव्हते. परकीयाच्या नजरेवर रागावण्यापेक्षा ती नजर कशी घडली हे तपासावे, असा त्यांचा बाणा होता. १९७० साली बीबीसीची कचेरी बंद करणाऱ्यांनी हा ग्रंथ वाचला असता तर काय म्हटले असते कोण जाणे. त्यांच्यापैकी बहुतेकजण तोवर हयात नव्हते, आणि अक्का अजून नवे चित्रपट पाहत होत्या. १९ मे २०१९ रोजी, वयाच्या अठ्ठ्याण्णव्या वर्षाची पूर्ती होऊन तीन दिवस झाले असता, दिल्लीत त्यांचे निधन झाले. वृत्तपत्रांनी बातमी दिली ती बहुतेक ठिकाणी ‘एक चिडिया’वाल्या बाई गेल्या, अशा मथळ्याच्या धर्तीवर, कारण सत्तर वर्षांच्या कामापैकी वृत्तसंपादकाला एवढीच सात मिनिटे ठाऊक होती.